एकाचं स्वप्न, सगळ्यांची भिंत

झोपलेल्या माणसाच्या स्वप्नात दुसऱ्यानं शिरायचं, तिथे त्याच्याशी बोलायचं, जमलं तर एखादा विचार पेरून परत यायचं, ही कल्पना आता सिनेमा पाहणाऱ्या कुणालाही नवी नाही. ख्रिस्तोफर नोलन यांच्या ‘इन्सेप्शन’मध्ये (२०१०) एक टोळी बड्या उद्योगपतीच्या वारसाच्या स्वप्नात उतरते. सातोशी कोन यांच्या ‘पॅप्रिका’त (२००६) रुग्णांच्या स्वप्नात जाण्यासाठी बनवलेलं उपकरण चोरीला जातं आणि माणसामाणसांची स्वप्नं एकमेकांत मिसळू लागतात. तो सिनेमा यासुताका त्सुत्सुई यांच्या १९९३ सालच्या कादंबरीवर बेतला आहे. दोन्ही कथांपुढे पेच एकच: दोन डोकी जोडायची कशी? उत्तरही एकच: यंत्रानं. पण ‘इन्सेप्शन’मध्ये यंत्राइतकंच महत्त्वाचं एक पात्र आहे. वास्तुकलेची विद्यार्थिनी ॲरिॲडनी. स्वप्नातल्या इमारती आणि चक्रव्यूह ती आधी आखते, बाकीचे त्यात वावरतात. आखलेलं नसेल तर स्वप्नात सगळे एका जागी भेटणार कसे, हा प्रश्न नोलन यांना पडला होता. तो डहाणूच्या वारली पाड्यांवर सिनेमाच्या फार आधी सुटलेला दिसतो.

सामायिक स्वप्न म्हणताना आपण तीन वेगळे दावे एका पिशवीत भरतो. पहिला, एकाचं भान देहाबाहेर पडून दुसऱ्याच्या स्वप्नात जातं. दुसरा, दोघांना एकच स्वप्न पडतं. तिसरा, एकानं पाहिलेलं बाकीचे आपलं म्हणून स्वीकारतात. पहिल्या दाव्यावर कथा रंगतात, दुसऱ्यावर पुराणं आणि संतचरित्रं उभी आहेत, आणि तिसऱ्यावर माणसांनी लग्नं लावली आहेत, पिकं काढली आहेत, एखादीला गावाबाहेरही काढलं आहे. हे तिन्ही दावे आलटून पालटून तपासले, की कशाला काय आधार आहे ते कळतं.

पुराणातली साक्ष

भागवताच्या दशम स्कंधातली उषा-अनिरुद्धाची गोष्ट ही आपल्याकडची एक जुनी आणि नीट रचलेली स्वप्नभेट. बाणासुराची मुलगी उषा स्वप्नात एका तरुणाला भेटते. तो कोण हे तिला ठाऊक नाही. तिची सखी चित्रलेखा मग चित्रं काढायला बसते. देव काढते, गंधर्व काढते, मग माणसं, मग वृष्णी कुळातले एकेक पुरुष. कृष्णानंतर प्रद्युम्नाचं चित्र येतं तशी उषा लाजते, आणि अनिरुद्धाचं येताच मान खाली घालते. ओळख पटते ती चित्रापाशी. चित्रलेखा योगबळानं द्वारकेला जाऊन झोपलेल्या अनिरुद्धाला उचलून आणते, हा चमत्कार त्यानंतरचा.

योगवासिष्ठात लवण राजाची कथा आहे. दरबारात आलेल्या गारुड्याच्या मायेनं राजा क्षणभर भान हरपतो आणि तेवढ्यात चांडाळांच्या वस्तीत अख्खा संसार करून येतो. शुद्धीवर आल्यावर तो थांबत नाही. ती वस्ती शोधायला निघतो, आणि तिथे त्याला आपल्याच ओळखीची, आपल्यासाठी रडणारी माणसं सापडतात. हरिश्चंद्रानं स्वप्नात राज्य दान केलं आणि सकाळी विश्वामित्र ते मागायला दारात उभे राहिले, ही कीर्तनकारांची लाडकी कथाही याच घडणीची. दोघांना एकच स्वप्न पडलं की नाही, याचा निकाल या कथा झोपेत लावत नाहीत. जागेपणी कुणीतरी तिसरा लागतो. कधी चित्रकार, कधी गावकरी, कधी मागणारा.

स्वप्नात मिळालेला गुरू

वारकरी परंपरेत ही गोष्ट पुराणाकडून चरित्राकडे येते. तुकोबांना बाबाजी चैतन्यांनी स्वप्नात मंत्र दिला, आणि नामदेवांनी पांडुरंगासह स्वप्नात येऊन अभंग रचायला सांगितलं, हे दोन्ही त्यांनी स्वतः अभंगांत नोंदवलं आहे. पुढे कोल्हापुरात असताना बहिणाबाईंना तुकोबांनी स्वप्नात उपदेश केला. तुकोबा तेव्हा देहूत हयात होते, आणि बहिणाबाईंनी त्यांना पाहिलं नव्हतं. म्हणजे बाबाजींकडून तुकोबांकडे आणि तुकोबांकडून बहिणाबाईंकडे, अशी दोन पिढ्यांची गुरुपरंपरा सबंध स्वप्नातून चालते.

यात पाहण्यासारखं आहे ते व्यवहाराच्या बाजूनं. ब्राह्मण घरातल्या विवाहित बाईला शूद्र गुरू जागेपणी मिळणं अवघड होतं. नवऱ्याचा विरोध होता, आणि तो किती टोकाचा होता हे तिच्या आत्मचरित्रपर अभंगांत येतं. स्वप्नातल्या उपदेशाला कुणाची परवानगी लागत नाही. पण तिथेही नुसत्या स्वप्नावर भागलं नाही. बहिणाबाई देहूला गेल्या, तुकोबांना भेटल्या, तुकोबांचे विरोधक मंबाजी यांचा जाच सोसला, आणि मगच त्या तुकोबांच्या शिष्या म्हणून संप्रदायात उभ्या राहिल्या. स्वप्न एकीचं, मान्यता मात्र अनेकांची.

डहाणूचा चौक

डहाणू-तलासरीच्या वारली पाड्यांवर येताना एक गोष्ट आधी स्पष्ट करायला हवी. वारली भगत झोपून दुसऱ्याच्या स्वप्नात जात नाही. त्याला वारं येतं, तो घुमतो, आणि त्या अवस्थेत देव त्याच्या तोंडून बोलतो. मिर्चा एलियाद यांनी १९५१ साली शमनांवर मोठा ग्रंथ लिहिला, त्यात सायबेरियाचा नमुना केंद्रस्थानी आहे: शमनाचा आत्मा देह सोडून वर किंवा खाली जातो. आजच्या कथांमधले स्वप्नप्रवासी त्याच घराण्यातले. आपल्याकडे वाहतूक बहुधा उलट दिशेनं होते. माणूस जात नाही, देव येतो. आणि देव आला की त्याला प्रश्न विचारले जातात. तू कोण? कशाला आलास? काय पाहिजे? भगत बोलतो ते एकट्याचं भाषण नसतं. जमलेली माणसं उलटतपासणी घेत असतात.

भगताची बाकीची कामंही अशीच चारचौघांत चालतात. सुपात तांदळाचे दाणे टाकून तो दुखण्याचं कारण बघतो. पीक घरात आलं की रात्र रात्र घांगळी वाजवत कणसरीची, म्हणजे धान्यदेवीची, कथा गातो. के. जे. सावे यांनी १९४५ साली वारल्यांवर पुस्तक लिहिलं, यशोधरा दालमिया यांनी १९८८ साली त्यांच्या चित्रसृष्टीवर लिहिलं. अशा लेखनातून दिसणारा भगत गूढ एकांतातला योगी नाही. तो शेती करणारा, बायकापोरं असलेला, वेळ पडली की बोलावला जाणारा गावातलाच माणूस आहे.

सामायिक स्वप्नाच्या सर्वांत जवळ जाणारी इथली गोष्ट म्हणजे लग्नाचा चौक. कुडाच्या भिंतीला शेणमातीचा हात देतात, वर गेरू फिरवतात. तांदूळ वाटून त्याचं पांढरं पाणी करतात आणि बांबूच्या काडीचं टोक चावून, तंतू सुटे करून त्याची लेखणी बनते. सवाशिणी आधी चौकट आखतात. तिच्या कडांवर नक्षीच्या पट्ट्या एकात एक चढत जातात. मधल्या रिकाम्या जागेत पालघट देवी येते: दोन त्रिकोण टोकाला टोक लावून धड, हात फाकलेले. आजूबाजूला चंद्र, सूर्य, फणी, शिडी, घोडा. शेजारच्या लहान चौकात घोड्यावरचा पंचशिऱ्या देव असतो. हे चालू असताना धवलेरी गात असते. लग्न लावणारी पुरोहित तीच, आणि तिच्या गाण्यातून देवांना एकेक करून मांडवात बोलावणं जातं. चौकावर कापड टाकून ठेवायचं आणि भगताला वारं आल्यावरच ते दूर करायचं, अशी रीतही नोंदलेली आहे. देवी आली की नाही, चौक तिला रुचला की नाही, हे तेव्हा कळतं. चौक नसेल तर लग्न नाही.

आता याची मांडणी ‘इन्सेप्शन’शेजारी ठेवून पाहा. जागा आखणाऱ्या बायका आहेत. वाट सांगणारी धवलेरी आहे. त्या जागेत उतरणाऱ्या देवाला अंगावर घेणारा भगत आहे. आणि अख्खा पाडा जागा राहून हे बघतो आहे. जे दिसायचं ते एकाच्या डोक्यात बंद नाही, भिंतीवर आहे. कुणी म्हणू शकतं, घोडा राहिला. कुणी म्हणू शकतं, नक्षीची ओळ चुकली.

शेजारच्या भिंती

असं करणारे वारली एकटे नाहीत. गुजरातच्या छोटा उदेपूर भागात राठवा आदिवासी नवस फेडण्यासाठी घराच्या ओसरीत पिठोरा हे भिंतीचित्र काढून घेतात. चित्र पूर्ण झालं की बडवा, म्हणजे त्यांचा पुजारी, अंगात आलेल्या अवस्थेत भिंतीसमोर उभा राहून एकेक आकृती ओळखतो आणि राहिलेलं दाखवून देतो. चितारी ते भरून काढतो. ओडिशातल्या सौरा लोकांचं वर्णन व्हेरियर एल्विन यांनी १९५५ च्या ग्रंथात केलं आहे. तिथे भिंतीवरच्या चित्राचा उगम बऱ्याचदा थेट स्वप्नात असतो. पूर्वज किंवा देव स्वप्नात येऊन घर मागतो, चित्र हेच त्याचं घर, आणि पुरं झालेलं चित्र जाणत्या शमनाकडून तपासून घेतलं जातं. त्याच सौरांमध्ये पुढे पिअर्स विटेब्स्की यांनी मृतांशी चालणारे संवाद नोंदवले (१९९३). शमन स्त्रीच्या तोंडून मेलेला नातेवाईक बोलतो, आणि घरचे त्याच्याशी भांडतात, हिशेब काढतात, रडतात.

तीन समाज, तीन भाषा, मध्ये शेकडो कोसांचं अंतर. तरी रीत सारखी आहे. एकाला दिसलेलं भिंतीवर उतरवायचं, दुसऱ्यानं ते तपासायचं, दुरुस्ती करून घ्यायची. तिसऱ्या दाव्याला, म्हणजे एकाचं स्वप्न सगळ्यांचं होण्याला, इतका भक्कम आधार दुसरीकडे क्वचित मिळतो.

बाहेरच्यानं पाहिलेलं स्वप्न

आदिवासी आणि स्वप्न हे दोन शब्द जवळ आले की बाहेरचा लेखक सैल सुटतो. याचा धडा मलायात मिळाला. किल्टन स्टुअर्ट या अमेरिकी माणसानं १९३० च्या दशकात तिथल्या सेनोई लोकांना भेट दिली आणि १९५१ साली एक लेख लिहिला. त्यात सेनोई रोज सकाळी न्याहारीला एकमेकांना स्वप्नं सांगतात, मुलांना स्वप्नातल्या भीतीवर मात करायला शिकवतात, आणि म्हणून त्यांच्यात हिंसा जवळपास नाही, असं चित्र होतं. १९६९ मध्ये चार्ल्स टार्ट यांच्या संकलनात हा लेख आला आणि अमेरिकेत सेनोई पद्धतीचे स्वप्नवर्ग निघाले. सेनोईंमध्ये प्रत्यक्ष राहिलेल्या रॉबर्ट डेंटन यांच्यासारख्या अभ्यासकांना मात्र तसं काही आढळलं नव्हतं. विल्यम डॉमहॉफ यांनी १९८५ साली सगळे धागे तपासले. स्टुअर्टनं पाहिलेलं आणि स्टुअर्टला पाहायचं असलेलं यांची सरमिसळ झाली होती.

अर्सुला ल ग्विन यांनी १९७२ साली एका जंगली ग्रहावरच्या, जागेपणी स्वप्न पाहू शकणाऱ्या लोकांवर लघुकादंबरी लिहिली. तिथल्या पुरुषांची स्वप्नं व्यवहारात आणायची की नाही हे बायका ठरवतात. सेनोईंशी असलेलं साम्य त्यांना नंतर कुणीतरी दाखवून दिलं. ती कथा कथा म्हणूनच आली होती, त्यामुळे खोटी ठरली नाही. स्टुअर्टची कथा अहवाल म्हणून आली, म्हणून ठरली.

वारल्यांच्या बाबतीत हा धोका आजही आहे. १९७० च्या दशकात भास्कर कुलकर्णी यांनी डहाणूकडच्या भिंतीवरची ही चित्रं कागदावर आणवली. गंजाडचे जिव्या सोमा मशे यांनी त्या कागदावर जाळी, मुंग्या, मासे, तारपा नाचाचं वेटोळं असं जग उभं केलं. त्यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले. त्यांचं श्रेय वादातीत आहे. पण कागदावर आल्याबरोबर दोन बदल झाले. बायकांच्या हातातली काडी मोठ्या प्रमाणावर पुरुषांच्या हाती गेली, आणि चित्राखाली एकाची सही आली. २०१४ मध्ये वारली चित्राला भौगोलिक निर्देशांक मिळाला, तो नकलेला आळा घालण्यासाठी. चादरीवर, कपबशीवर छापलेला तारपा नाच ‘आदिवासींचं स्वप्नवत जग’ म्हणून विकला जातो तेव्हा त्याला ‘चुकलं’ म्हणणारं समोर कुणी नसतं.

प्रयोगशाळेत काय सापडलं

पहिला दावा, भान दुसऱ्याच्या स्वप्नात पाठवण्याचा, विज्ञानानं थट्टेवारी नेला असं नाही. न्यूयॉर्कच्या मायमोनिडीस रुग्णालयात माँटॅग्यू उलमन आणि स्टॅनली क्रिप्नर यांनी १९६० च्या दशकात प्रयोगमालिका चालवली. एका खोलीत एकजण झोपायचा, दुसरीकडे बसलेला दुसरा एका चित्राकडे टक लावून ते मनानं पाठवायचा. चित्र म्हणजे नामवंत चित्रकाराच्या कलाकृतीची छापील प्रत. सकाळी झोपलेल्याचं स्वप्न आणि चित्रांचा गठ्ठा परीक्षकांपुढे ठेवायचा. सुरुवातीचे आकडे उत्साहवर्धक होते, पण वायोमिंगमध्ये तोच प्रयोग पुन्हा केला तेव्हा काही हाती लागलं नाही. स्वप्नातलं ‘निळं काहीतरी’ आणि चित्रातलं निळं यांची सांगड घालायला परीक्षकाची कल्पनाशक्तीही पुरते, ही अडचण कायम राहिली.

खरी मजल दुसऱ्या वाटेनं गाठली गेली. डोळ्यांच्या जलद हालचालींची झोप १९५३ मध्ये ॲसेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी नोंदवली. त्या झोपेत शरीर लुळं असतं, डोळे मात्र हलतात. १९७५ मध्ये इंग्लंडच्या हल विद्यापीठात कीथ हर्न यांनी याचा फायदा घेतला. आपण स्वप्नात आहोत हे ज्याला स्वप्नातच उमगतं अशा माणसानं आधी ठरल्याप्रमाणे डोळे डावी-उजवीकडे फिरवून आतून खूण पाठवली. २०२१ मध्ये अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्समधल्या चार प्रयोगशाळांनी मिळून उलट दिशाही जोडली. झोपलेल्याला आठातून सहा वजा करायला सांगितलं, आणि त्यानं डोळे हलवून दोन असं उत्तर दिलं. प्रश्न स्वप्नात पोचला, उत्तर बाहेर आलं. बरेच प्रयत्न फसलेही. पण दोन स्वप्नं एकमेकांना जोडलेली नाहीत. एक स्वप्नात, एक जागा, आणि मध्ये ठरलेली खूण. भगताभोवती बसून प्रश्न विचारणाऱ्यांची बैठक याहून फार वेगळी नसते.

एकच भीती

दुसऱ्या दाव्याचं, अनेकांना एकच स्वप्न पडण्याचं, सगळ्यात साधं उत्तर सगळ्यांवर एकाच वेळी आलेल्या संकटात असतं. शार्लट बेराट या पत्रकार बाईंनी हिटलरच्या सत्तेतल्या पहिल्या वर्षांत जर्मन लोकांची स्वप्नं गुपचूप गोळा केली, ती १९६६ मध्ये छापली. अनोळखी माणसांच्या स्वप्नात तीच पाळत, तीच लाज, तोच गमावलेला आवाज होता. १९८९ च्या कॅलिफोर्नियातल्या भूकंपानंतर तिथल्या विद्यार्थ्यांना ॲरिझोनातल्या विद्यार्थ्यांपेक्षा वाईट स्वप्नं जास्त पडत होती, आणि त्यात भूकंपाची भरपूर, असं पाहणीत दिसलं.

नोव्हेंबर २०१८ पासून डहाणूतल्या धुंदलवाडीचा आणि तलासरीकडचा भाग असाच हादरत राहिला. धक्के बहुतेक लहान, पण थांबेनात. थंडीत लोक घराबाहेर, तंबूत झोपू लागले. फेब्रुवारी २०१९ च्या पहिल्याच दिवशी रिश्टर चारच्या वरचा धक्का बसला आणि त्या पळापळीत एक लहान मुलगी दगावली. हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्थेनं जमिनीखालच्या हालचाली मोजायला यंत्रं बसवली. त्या हिवाळ्यातल्या झोपेची वहीही एखाद्या आश्रमशाळेच्या शिक्षकानं ठेवायला हरकत नव्हती. दोन पोरांना एकच स्वप्न पडण्यामागे गूढ काही नसतं. दोघं एकाच जमिनीवर झोपलेली असतात.

भुताळी ठरवणारं स्वप्न

या सगळ्याची काळी बाजूही इथलीच आहे. मूल दगावलं, गुरं मेली, ताप उतरेना, की भगताच्या तोंडून कधी एखाद्या बाईचं नाव येतं: भुताळी. बहुधा एकटी, बहुधा विधवा, कधी जिच्या नावावर जमिनीचा तुकडा आहे अशी. तेव्हाही एकाला दिसलेलं सगळ्यांचं होतं, पण जिचं नाव आलं तिला प्रश्न विचारायची मुभा नसते. चौकासमोर ‘घोडा राहिला’ म्हणणारी बाई चालते, इथे ‘मी नाही’ म्हणणारी चालत नाही.

डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर डिसेंबर २०१३ मध्ये संमत झालेल्या महाराष्ट्राच्या जादूटोणाविरोधी कायद्यानं यावर बोट ठेवलं. करणी करते, भूत लावते असं कुणाबद्दल जाहीर करून तिचं जगणं अवघड करणं हा गुन्हा ठरला. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत. कायद्यानं नुसत्या घुमण्याला, गाण्याला, चौकाला हात लावलेला नाही. स्वप्नाच्या जोरावर दुसऱ्याचा जीव धोक्यात घालण्याला लावला आहे. ही रेघ योग्य जागी आहे.

मग तीन दाव्यांचा हिशेब असा लागतो. भान देहाबाहेर जातं याला पुरावा नाही. अनेकांना सारखं स्वप्न पडतं, पण त्याची कारणं जागेपणच्या जगण्यात असतात. एकाचं स्वप्न सगळ्यांचं होतं हे मात्र रोज घडतं, आणि त्याला यंत्र लागत नाही. सगळ्यांना दिसेल अशी भिंत लागते, आणि तिच्याकडे बोट दाखवून ‘हे बरोबर नाही’ म्हणायचा हक्क लागतो. मराठीत स्वप्नप्रवासाची कथा कुणी लिहायला घेतली, तर डोकी जोडणारी तार शोधण्यात फार वेळ घालवू नये. स्वप्नातून परत आलेल्याला पहिला प्रश्न कोण विचारणार, आणि तो विचारायची कुणाला बंदी आहे, हे आधी ठरवावं. डहाणूच्या पाड्यांवर लग्न लागतं की बाई गावाबाहेर काढली जाते, हे त्यावरच ठरत आलं आहे.